भिंतीतली पाण्याची लाइन कायमची बंद करायची आहे: पुश-फिट कॅप की सोल्युशनची कॅप?

त्रिमूर्तीकर
वरच्या मजल्यावरची जुनी मोरी काढून तिथे सामानाची खोली करायची आहे. बेसिन निघालं, वॉशिंग मशीनचा पॉइंटही निघाला. आता भिंतीतून दोन पाइप बाहेर आहेत. एक बारीक, मळकट पिवळसर रंगाचा, बेसिनचा. दुसरा त्याहून जाड, पांढरा, मशीनचा. गच्चीवरच्या टाकीचा व्हॉल्व्ह पूर्ण बंद आहे, तरी पांढऱ्यातून थेंब थेंब पाणी येऊन राहिलं आहे. ओल्या पाइपवर सोल्युशन (पाइप चिकटवायचा द्रव) धरत नाही आणि पुश-फिट कॅप (नुसती दाबून बसवायची) ओल्यावरही बसते, असं वाचनात आलं.

विचारायचं एवढंच की कायमचं बंद करायला ही कॅप भरवशाची आहे का? आणि ती बसवून वरून प्लास्टर करून टाकलं तर चालेल का? घरात दोन मजल्यांना मिळून एकच टाकी आहे, गिझर आहे, प्रेशर पंप नाही.

पाना_पक्कड
भाऊ, कॅप मागवायच्या आधी दोन्ही पाइपांचा बाहेरचा व्यास मोजा. व्हर्निअर नसेल तर कागदाची पट्टी पाइपभोवती गुंडाळा, जिथे टोक जुळतं तिथे खूण करा आणि ती लांबी ३.१४ ने भागा. पुश-फिटचा सगळा खेळ बाहेरच्या व्यासावर आहे. आत रबराची ओ-रिंग आणि स्टीलच्या दातांची कडी असते. पाइप अर्धा मिलिमीटर बारीक निघाला तर दात धरत नाहीत, जाड निघाला तर आत जातच नाही.

पिवळसर असेल तो सीपीव्हीसी, म्हणजे गरम पाण्यालाही चालणारा प्लास्टिक पाइप. अर्ध्या इंचीचा बाहेरचा व्यास १५.९ मिमी, पाऊण इंचीचा २२.२, एक इंचीचा २८.६. पांढरा मात्र यूपीव्हीसी, म्हणजे थंड पाण्याचा प्लास्टिक पाइप, असण्याची शक्यता जास्त. त्याची मापं लोखंडी पाइपासारखी असतात, म्हणजे अर्धा इंची २१.३, पाऊण इंची २६.७, एक इंची ३३.४. बाजारात ज्या पितळी पुश-फिट कॅप दिसतात त्या तांब्याच्या पाइपाच्या मापाच्या, म्हणजे सीपीव्हीसीला चालणाऱ्या. यूपीव्हीसी आणि जीआयवर (जस्त चढवलेल्या लोखंडी पाइपावर) त्या बसत नाहीत.

वऱ्हाडी_झणका
म्हणजे ज्याला जरुरी आहे त्यालेच बसत नाही! आधी मापा, मग मागवा.

हार्डवेअर_इतवारी
पाना_पक्कड यांनी सांगितलेल्यात एक भर घालतो, कारण मागवताना इथेच गफलत होते. आपल्याकडे सीपीव्हीसीच्या पाइपावर '१५ एमएम' छापलेलं असतं. ते नाममात्र माप आहे, प्रत्यक्ष बाहेरचा व्यास १५.९. इंग्लंडमधल्या पद्धतीच्या प्लास्टिक पुश-फिट कॅपवरही '१५ एमएम' लिहिलेलं असतं, पण ती खरोखर १५.० मिमी पाइपासाठी असते. ती आपल्या पाइपावर चढत नाही. २२ ची गोष्ट जास्त वाईट, कारण तिथे २२.० आणि २२.२ इतकाच फरक आहे. जोर लावला की कॅप चढून जाते आणि माणसाला वाटतं जमलं. ओ-रिंग मात्र घासली जाते आणि कडीचे दात पाइपात नको तितके रुततात. मागवताना '१/२ इंच सीटीएस' किंवा '३/४ इंच सीटीएस' (सीटीएस म्हणजे तांब्याच्या पाइपाचं माप) हेच शब्द बघा. अमेरिकी पद्धतीच्या, शार्कबाइटसारख्या, पितळी कॅप त्या मापात येतात. एएसएसई १०६१ हे पुश-फिटचं मानक आहे, ते छापलेलं असेल तर उत्तम.

सीपीव्हीसी पाइपावर आयएस १५७७८ (त्याचं भारतीय मानक) आणि एसडीआर (बाहेरचा व्यास भागिले भिंतीची जाडी) ११ किंवा १३.५ असं लिहिलेलं असतं. एसडीआर बदलला तरी बाहेरचा व्यास तोच राहतो, फक्त भिंतीची जाडी बदलते. त्यामुळे कॅप दोन्हींवर बसते.

नागपुरात इतवारी-गांधीबागेत आरओची पाव इंची पुश फिटिंग पाहिजे तेवढी मिळते. सीटीएस मापाची पितळी कॅप मात्र दुकानात हमखास मिळेल असं धरू नका, आधी विचारून जा.

मंजिरी_धंतोली
मला वाटतं मूळ प्रश्न कॅपचा नाहीच. टाकीचा व्हॉल्व्ह बंद असताना पाणी येतं कुठून, ते आधी शोधायला हवं. ते न शोधता कोणतीही कॅप बसवली तरी पुढच्या दुरुस्तीला हाच त्रास.

निवृत्त_अभियंता
मंजिरीताईंशी सहमत. थेंब येण्याची कारणं मोजकीच असतात, एकेक करून तपासा.

सर्वात आधी गिझरचं बटण बंद करा. लाइन रिकामी करताना गिझरमधलं पाणी उतरलं आणि आतली कॉइल कोरडी तापली तर ती जळते. मग तळमजल्यावरचा सर्वात खालचा नळ पूर्ण उघडा आणि तसाच उघडा ठेवा. त्यानंतर वरचा एखादा नळ उघडा. वरून हवा शिरल्याशिवाय पाइपातलं पाणी पूर्ण उतरत नाही, ते अडकून राहतं आणि तुमच्या उघड्या टोकातून तासन्‌तास ठिबकत राहतं. बहुतेक ठिकाणी एवढ्यानेच ठिबकणं थांबतं.

नाही थांबलं तर मिक्सर बघा. गरम-थंड मिक्सरला हँडशॉवर जोडलेला असेल आणि मिक्सर उघडा ठेवून शॉवरच्या मुठीवरूनच पाणी बंद केलं असेल, तर गरम आणि थंड लाइन आतून एकमेकींना जोडल्या जातात. थंड लाइनचा व्हॉल्व्ह बंद, पण गिझरचं किंवा सोलरचं पाणी मिक्सरमधून उलटं थंड लाइनीत येतं. मिक्सरच्या खालचे दोन्ही अँगल कॉक बंद करा, थेंब थांबले तर चोर सापडला. सोलर असेल तर त्याचा गरम लाइनचा व्हॉल्व्ह वेगळा असतो. टाकीचा व्हॉल्व्ह फिरवून सोलरच्या टाकीतलं पाणी थांबत नाही.

तिसरं कारण म्हणजे गेट व्हॉल्व्ह. जुन्या पितळी गेट व्हॉल्व्हच्या बुडात चुना आणि गाळ साचतो, पडदा पूर्ण बसत नाही. बोअरचं पाणी वापरात असेल तर हे हमखास होतं. चाक जोराने आवळू नका, दांडा तुटतो. अर्धवट उघडून दोन-तीन वेळा पाणी जाऊ द्या म्हणजे गाळ निघतो, मग बंद करा. तरीही गळत असेल तर तिथे बॉल व्हॉल्व्ह बसवून घ्यायची वेळ आली आहे.

त्रिमूर्तीकर
मोजलं. पिवळसर बरोबर १५.९ आहे. पांढरा २६.७, म्हणजे यूपीव्हीसीच. खाली हँडशॉवरचा मिक्सर आहे, तो तपासतो.

पाना_पक्कड
मग तुमची कामं दोन झाली. पिवळ्याला पुश-फिट चालेल, पांढऱ्याला यूपीव्हीसीची एंड कॅप आणि यूपीव्हीसीचंच सोल्युशन. सीपीव्हीसीचं पिवळं सोल्युशन पांढऱ्याला किंवा उलट असं करू नका. फिटिंगची मापंही एकमेकांत जात नाहीत.

महालवाला
माझं मत सरळ आहे. लाइन कायमची बंद करायची तर पुश-फिट कशाला? अर्ध्या इंची सीपीव्हीसी एंड कॅप किरकोळ किमतीत येते, सोल्युशनची छोटी बाटली आणली की काम झालं. पितळी पुश-फिट कॅप त्याच्या कितीतरी पट महाग. शिवाय रबर ते रबरच. सोल्युशनने जोड एकजीव होतो, तिथे झिजायला काही राहतच नाही.

सुगंधा_बेसा
महालवाला, कोरडा पाइप आणि काम करायला जागा असेल तर तुमचं बरोबर. पण सोल्युशनचा जोड बिघडतो तो घाईत आणि ओलाव्यात. पाइपाच्या तोंडाशी पाण्याची ओल असली की सोल्युशन पांढुरकं होतं, वरून घट्ट वाटतं आणि आत बारीक नाली राहून जाते. महिन्याभराने टाइलच्या सांध्यातून ओल दिसते. पुश-फिटमध्ये ती भीती नाही, कारण सील रबराने होतं आणि पकड दातांनी. पाइप ओला असला तरी फरक पडत नाही. वाळायची वाट बघायची नाही, लगेच पाणी सोडता येतं.

आणखी एक, नागपूरचा उन्हाळा. मे महिन्यात दुपारी गच्चीवर सोल्युशन ब्रशवरच वाळायला लागतं. पाइपावर फिरवून कॅप उचलेपर्यंत थर सुकतो आणि कॅप अर्ध्यातच अडकते. उन्हाळ्यात हे काम सकाळी लवकर करा, पाइप सावलीत हाताला गार लागला पाहिजे. बाटलीचं झाकण मध्येच उघडं ठेवू नका. दाटलेलं सोल्युशन थिनर घालून पातळ करून वापरणारे मिस्त्री दिसतात, तसं करू देऊ नका.

निवृत्त_अभियंता
ताकदीचा हिशेब मांडतो, म्हणजे भीती किंवा फाजील विश्वास दोन्ही जातील. पाण्याचा दाब कॅपला बाहेर ढकलतो. २२.२ मिमी पाइपाचं क्षेत्रफळ ३.८७ चौ. सेंमी. १० मीटर उंच पाण्याचा दाब साधारण १ बार. म्हणजे दोन मजली घरात टाकी १० मीटर वर असेल तर कॅपवर जेमतेम ४ किलोचा जोर येतो. प्रेशर पंप ३ बारचा असेल तर सुमारे १२ किलो. १५.९ मिमी पाइपावर त्याच ३ बारला ६ किलो. चांगल्या पुश-फिट कॅपला साधारण २०० पीएसआय म्हणजे जवळपास १४ बारपर्यंत मान्यता असते. दाबाने कॅप उडणं ही आपल्या घरांतली भीती नाही. कॅप निसटते ती पाइप अर्धाच आत गेल्यामुळे.

पाना_पक्कड
काका, अगदी नेमकं. अर्धाच आत गेलेला पाइप, हेच दुखणं. म्हणून बसवायची रीत सविस्तर लिहितो.

भिंतीच्या बाहेर पाइपाचा सरळ भाग निदान ५ सेंमी तरी हवा. कमी असेल तर भोवतीचं प्लास्टर थोडं फोडून घ्या. पाइप काटकोनात कापायचा. जुन्या सीपीव्हीसीला कात्रीसारखा रॅचेट कटर लावला की पाइप चेपतो आणि केसासारखी तडा जाते, डोळ्याला दिसतही नाही. त्यापेक्षा बारीक दातांचं हॅकसॉ ब्लेड वापरा, इंचाला २४ किंवा ३२ दातांचं. तडा दिसलीच तर तिच्या टोकाच्या पुढे अजून ५ सेंमी सोडून कापा, तडा दिसते त्यापेक्षा लांब गेलेली असते.

कापल्यावर कडेला जो कीस राहतो तो आतून-बाहेरून काढायचा. बाहेरची धार थोडी गोल करा. हे टाळलं की ती धार ओ-रिंगला चिरते, आणि मग गळती कॅपची नसून तुमच्या धारेची असते. बारीक सँडपेपरचा एक हात पुरे, पाइपावर लांबीत ओरखडे पाडू नका. लांबीतला ओरखडा म्हणजे ओ-रिंगखालून पाण्याला वाट. शेवटच्या ३-४ सेंमीवर जुन्या सोल्युशनचा थर, रंग, सिमेंटचे डाग काही नको.

मग खूण. अर्ध्या इंची कॅपमध्ये पाइप सुमारे २४ मिमी आत जातो, पाऊण इंचीत २९, एक इंचीत ३३. वेगवेगळ्या कंपन्यांत थोडा फरक असतो, त्यामुळे डब्यावरचा आकडा खरा मानायचा. टोकापासून तेवढं मोजून मार्करने रेघ मारा. आता कॅप सरळ धरून किंचित पिळत दाबा. आधी एक अडथळा लागतो, ती दातांची कडी. पुढे दुसरा, जरा रबरासारखा, ती ओ-रिंग. त्याच्यापुढे जोर लावला की पाइप तळाला टेकतो. नवखा माणूस पहिल्या अडथळ्याला 'बसली' म्हणून सोडून देतो. रेघ कॅपच्या काठाला भिडली तरच बसली. शेवटी ओढून बघा.

बसल्यावर कॅप बोटाने गोल फिरते. तो दोष नाही, पुश-फिट तशीच असते.

वऱ्हाडी_झणका
जोर जास्त लागत असेल तर खोबरेल तेलाचं बोट फिरवलं तर?

सुगंधा_बेसा
नाही, तेल अजिबात नको, खोबरेल नको, गोडंतेल नको, व्हॅसलिन नको, ग्रीस नको. सीपीव्हीसीला तेलं चालत नाहीत. ताण आलेल्या जागी ती हळूहळू पाइपाला तडे पाडतात. कॅपमधली ओ-रिंग बहुधा ईपीडीएम रबराची असते, ती पेट्रोलियम तेलाने फुगते. साधं पाणी लावा. फारच घट्ट असेल तर सिलिकॉन ग्रीस, तेही पिण्याच्या पाण्याला चालणारं. याच कारणाने सीपीव्हीसीला वायरीची चिकटपट्टी गुंडाळणं, मऊ पीव्हीसीची नळी चिकटून ठेवणं टाळा.

महालवाला
ठीक, बसवायची रीत पटली. पण त्रिमूर्तीकरांचा दुसरा प्रश्न राहिला, प्लास्टरमध्ये गाडायचं का? माझं उत्तर नाही.

हार्डवेअर_इतवारी
कंपनी तर भिंतीच्या मागे चालते म्हणते. डब्यावर लिहिलेलं असतं.

सुगंधा_बेसा
कंपनी ज्या भिंतीबद्दल बोलते ती अमेरिकेतली, लाकडी सांगाड्याची आणि पोकळ. आपली भिंत विटांची, झिरीत (भिंतीत खोदलेल्या खाचेत) पाइप आणि वर सिमेंटचा मसाला. कॅपचा काठ सरकता असतो, काढण्यासाठी तोच दाबायचा असतो. ओला मसाला त्या फटीत गेला आणि घट्ट झाला की कडी पुन्हा हलत नाही. दुसरं म्हणजे पाइप तापतो-निवतो तसा लांबी बदलतो. १० मीटर सीपीव्हीसी ३० अंशांनी तापला तर पावणेदोन-दोन सेंमी लांबतो. उन्हाळ्यात गच्चीच्या टाकीतलं पाणी दुपारी किती कढत असतं ते नागपुरात कुणाला सांगायला नको. इथे २३ मे २०१३ ला ४७.९ अंश नोंदले गेले होते. ती हालचाल टोकाशी येते. मोकळ्या जागेत कॅप पाइपाबरोबर सरकते. मसाल्यात पकडली गेली तर ताण सांध्यावर येतो.

भिंतीत गाडायचंच असेल तर सोल्युशनची कॅप, दाब देऊन तपासलेली, आणि मगच प्लास्टर. पुश-फिट ठेवायची असेल तर समोर छोटं झाकण ठेवा. १५ बाय १५ सेंमीची टाइल चार कोपऱ्यांना सिलिकॉनचे ठिपके देऊन चिकटवली तरी पुरे, गरज पडली की पातळ पात्याने निघते.

पाना_पक्कड
पटलं. जिथे हात पोहोचतो तिथे पुश-फिट, जिथे पोहोचत नाही तिथे सोल्युशन. आणि ऊन लागतं तिथे कोणतीच पुश-फिट उघडी ठेवू नका, प्लास्टिकची तर नाहीच.

पण मी याहून वेगळी गोष्ट सुचवतो. टोकाला कॅप लावूच नका, टी-जोडापाशी जा.

त्रिमूर्तीकर
म्हणजे?

पाना_पक्कड
बेसिनला येणारा तुमचा पाइप कुठल्यातरी टीमधून, म्हणजे तीन तोंडांच्या जोडातून, निघाला असेल. टी ते बेसिन हा तुकडा कितीही लांब असू शकतो. टोकाला कॅप लावली की त्या तुकड्यातलं पाणी कायमचं साचून राहतं, कधीच वाहत नाही. इथल्या उन्हाळ्यात ते कोमट होतं, आत शेवाळी थर धरतो आणि दाब कमी-जास्त झाला की तेच पाणी मुख्य लाइनीत मिसळतं. तुकडा हातभर असेल तर मी दुर्लक्ष करीन. दोन-तीन मीटर असेल तर टी-जोडापाशी कापून तिथे बंद करणं योग्य. टी काढून सरळ कपलर (दोन पाइप जोडणारा सरळ जोड) टाकला तर सर्वात चांगलं, कारण मग अडगळीची फांदीच उरत नाही.

निवृत्त_अभियंता
पूर्ण अनुमोदन. अशा बंद फांद्यांतल्या कोमट पाण्यात लिजिओनेलासारखे (न्यूमोनिया करणारे) जंतू वाढतात, साधारण २० ते ४५ अंश त्यांना मानवतं. मोठ्या इमारतींच्या नळकामात म्हणूनच बंद फांद्या शक्य तितक्या आखूड ठेवतात. घरात वृद्ध माणसं असतील तर विशेष लक्ष द्या.

मंजिरी_धंतोली
जरा विषयांतर, पण खोली तीच आहे म्हणून. पाण्याची लाइन सगळे बंद करतात, सांडपाण्याची विसरतात. बेसिन निघाल्यावर त्याचा वेस्ट पाइप भिंतीत उघडा राहतो, त्यावर पीव्हीसीची एंड कॅप लावा. कापडाचा बोळा कोंबून झुरळं थांबत नाहीत. आणि मोरीची जाळी! नहाणी ट्रॅपमध्ये (जाळीखालच्या पाणी साठवणाऱ्या भांड्यात) ५० मिमी पाणी असेल तरच दुर्गंधी अडते. सामानाच्या खोलीत कुणी पाणी ओतणार नाही, एप्रिल लागला की ते पाणी उडून जातं आणि वास घरभर. ट्रॅपचं तोंड कॅपने किंवा काँक्रीटने बंद करा.

त्रिमूर्तीकर
मंजिरीताई, हे डोक्यातच नव्हतं. यादीत घेतलं.

कूलर_मास्तर
पुश-फिटचा विषय निघालाच आहे तर कूलरच्या लाइनीचंही सांगून ठेवतो, प्रत्येक घरात आहे. कूलरच्या फ्लोटला जाणारी पाव इंची नळी हिवाळ्यात बंद करायची तर पाव इंची आरओ प्लग लावा. नळी ६.३५ मिमीची असते. धारदार ब्लेडने सरळ कापा, कात्रीने चपटी होते आणि ओ-रिंगवर गोल बसत नाही. प्लगमध्ये दाबल्यावर कॉलेट (तोंडाशी सरकणारी कडी) आणि बॉडीच्या मध्ये निळी क्लिप अडकवा. क्लिप नसेल तर पाण्याच्या धक्क्याने कॉलेट मागे दाबला जाऊन नळी सुटते. काढताना आधी क्लिप, मग कॉलेट आत दाबून धरायचा आणि नळी बाहेर ओढायची. पांढरी नळी उन्हात वर्षभर राहिली की ठिसूळ होते, दरवर्षी टोकाचे दोन इंच कापून टाका.

महालवाला
आरओ कायमचा काढला तर? त्या पाव इंचीलाही प्लग लावून ठेवायचा का?

कूलर_मास्तर
नाही. आरओसाठी नळाच्या लाइनीत जो पितळी डायव्हर्टर टाकलेला असतो तोच काढून टाका आणि अँगल कॉक पूर्वीसारखा जोडा. ओट्याखाली प्लग लावलेली नळी लोंबत ठेवली की एक दिवस बादलीचा धक्का लागतो.

वऱ्हाडी_झणका
आमच्याकडे सगळं जीआय आहे. जुन्या घराचं काय करायचं?

पाना_पक्कड
जीआयला आटे असलेला प्लग. टोकाला सॉकेट किंवा एल्बो असेल तर अर्धा इंची पितळी प्लग, टेफ्लॉन टेप घट्ट ८-१० वेढे, आट्यांच्या दिशेने, म्हणजे प्लग आवळताना टेप उलगडणार नाही अशी. महत्त्वाचं हे की दोन पाने वापरायचे. एकाने भिंतीतली एल्बो धरून ठेवा, दुसऱ्याने प्लग आवळा. एकाच पान्याने जोर लावला की जोर आत जातो आणि भिंतीतला गंजलेला सांधा सैल होतो. इथे गळती थांबवता थांबवता आत नवी सुरू होते.

टाइल्सच्या कामाच्या वेळी लावतात ते लाल-निळे प्लास्टिकचे डमी प्लग कायमचे ठेवू नका. ते फक्त तपासणीपुरते.

हार्डवेअर_इतवारी
हिरवा किंवा पांढराच जाड पीपीआर (तापवून जोडायचा प्लास्टिक पाइप) कुणाकडे असेल तर तिथे ना पुश-फिट, ना सोल्युशन. तिथे मशीनने २६० अंशांवर तापवून कॅप जोडायची, २० मिमीला ५ सेकंद, २५ मिमीला ७ सेकंद. ते काम मशीन असलेल्या माणसाकडूनच करून घ्या.

मंजिरी_धंतोली
आणि मीटरच्या आधीचं, म्हणजे रस्त्याकडचं, काही बंद करायचं असेल तर स्वतः हात लावू नका. मीटरपर्यंतची जोडणी आपण बदलायची नसते, त्यासाठी मनपाकडे रीतसर अर्ज करायचा.

त्रिमूर्तीकर
खालच्या मिक्सरचे दोन्ही अँगल कॉक बंद केले आणि पांढऱ्यातलं ठिबकणं थांबलं. मिक्सर उघडा होता, मुठीवरून शॉवर बंद. बेसिनच्या फांदीची टी त्याच भिंतीत आहे, अंदाजे पावणेदोन मीटरवर. वॉशिंग मशीनची मात्र खोलीच्या दारापाशीच, हातभर अंतरावर.

मग असं ठरवतो. पांढरा टीजवळ कापून यूपीव्हीसी कॅप. पिवळ्यासाठी टीपर्यंत झिरी मारून तिथे सोल्युशनची कॅप, आणि मग प्लास्टर. पुश-फिट कॅप एक घेऊन ठेवतो, काम चालू असताना एखादी रात्र लाइन चालू करायची वेळ आली तर. बरोबर ना?

पाना_पक्कड
एकदम बरोबर. पुश-फिटचा हा सर्वात चांगला उपयोग आहे. घरात पाणी पाहिजे आणि काम अर्धवट, अशा वेळी तात्पुरती कॅप लावून टाकी चालू करता येते. काढताना मात्र काढायची छोटी क्लिप किंवा पक्कड लागते. काठ चहूबाजूंनी सारखा दाबून धरायचा आणि कॅप ओढायची. स्क्रू-ड्रायव्हरने एका बाजूने उचकटू नका. काढल्यावर पाइपावर दातांचे गोल ठसे राहतात. तो तुकडा कापून मगच सोल्युशनची कॅप लावा. म्हणजे कापायला जागा उरेल इतका पाइप आधीच शिल्लक ठेवा.

महालवाला
सोल्युशनची कॅप लावताना आधी कोरडी घालून बघा. पाइप कॅपच्या दोन-तृतीयांश खोलीपर्यंत सहज जायला हवा आणि मग अडायला हवा. तळापर्यंत सैल गेला तर ती कॅप बदला. सोल्युशन पाइपावर भरपूर, कॅपच्या आत पातळ. पाव वेढा फिरवत दाबायची आणि अर्धा मिनिट धरून ठेवायची, नाहीतर ती स्वतःहून मागे सरकते. कडेला सगळीकडून एकसारखी बारीक कड दिसली पाहिजे. वाळायला किती वेळ ते बाटलीवर असतं, थंडीत जास्त धरा.

निवृत्त_अभियंता
प्लास्टरच्या आधी दाब तपासा. टाकीचा व्हॉल्व्ह हळू उघडा आणि सर्वात वरचा नळ उघडा ठेवून हवा काढा. हवा अडकलेली असली तर पाण्याचा धक्का सांध्यावर येतो. कॅपभोवती टिश्यू पेपर गुंडाळा. ओलीचा ठिपका डोळ्याला दिसण्याआधी कागदावर दिसतो. रात्रभर तसंच ठेवा. शक्य असेल तर नळकाम करणाऱ्यांकडचा हातपंप भाड्याने आणून कामाच्या दाबाच्या दीडपट दाब द्या आणि काटा तासभर बघा. मात्र त्याआधी गिझरकडचे व्हॉल्व्ह बंद करा, पंपाचा दाब त्याच्या टाकीवर जाता कामा नये.

सुगंधा_बेसा
आणि भिंत बंद करण्याआधी मोबाइलवर दोन फोटो काढा, एक जवळून आणि एक मोजपट्टी धरून. जमिनीपासून किती सेंमी, चौकटीपासून किती सेंमी, फोटोवरच लिहून ठेवा. उद्या तिथे रॅक ठोकायला ड्रिल लावाल.

त्रिमूर्तीकर
रॅक त्याच भिंतीला येणार आहेत. फोटो काढून घराच्या नकाशाबरोबर ठेवतो. यूपीव्हीसी पाऊण इंची कॅप आणि अर्धा इंची सीपीव्हीसी कॅप प्रत्येकी दोन आणतो, एक कोरडी घालून बघायला.

हार्डवेअर_इतवारी
सोल्युशन मात्र सर्वात लहान बाटलीच घ्या, दोन वेगवेगळ्या, आणि बाटलीवरची तारीख बघून.